पाहणेकरीण मटार सोलते

तिला सगळी गल्ली काकू म्हणायची, तिच्याहून वयाने मोठी माणसंसुद्धा. काकूंचा धंदा पाहण्याचा.

त्या मुलखातल्या जुन्या जाणत्यांचं म्हणणं असं, की काळ आपणहून पुढे सरकत नाही. प्रत्येक गोष्ट दारात येऊन उभी राहते आणि कुणीतरी नीट पाहीपर्यंत तिथेच ताटकळते. पाहिलं, की ती झाली. जाणत्यांनी यावर पिढ्यान्‌पिढ्या डोकी फोडून घेतली. मांजराने पाहिलेलं धरायचं का? आंधळ्याने हाताने पाहिलेलं धरायचं का? (हाताचं धरायचं ठरलं. मांजराचं अजून चाललंय.) बाकीच्या लोकांना या वादाशी काही घेणंदेणं नव्हतं. त्यांना एवढंच ठाऊक होतं, की फार धांदल असलेल्या घरात दुपारचं ऊन अंगणात आलं तरी स्वयंपाकघरात सकाळच रेंगाळते, दूध उतू जायला येतं आणि जातच नाही. अशा वेळी काकूंना बोलावणं जायचं.

काकू यायच्या, ॲप्रनच्या टोकाने चष्मा पुसायच्या आणि स्टूल मागून घ्यायच्या. मग पाहायच्या. सायीला कुठे सुरकुती पडली आहे, पातेलं कोणत्या बाजूला चेपलं आहे, सगळं. समाधान झालं की म्हणायच्या, "झालं." त्याबरोबर दूध भसकन उतू जायचं.

"अहो काकू, शेगडी!"

"शेगडी पुसणं माझ्या कामात येत नाही," असं म्हणून काकू पायात चपला सरकवायच्या.

एकदा दोन भावांचं भांडण एकाच वाक्यावर अडून बसलं होतं. थोरला तेच ते म्हणे, धाकटा तेच ते ऐके. काकूंनी पाहिलं, "झालं" म्हटलं, आणि धाकट्याने पुढचं वाक्य टाकलं. ते आधीच्याहून वाईट निघालं. घरच्यांनी तक्रार केली, तेव्हा काकू म्हणाल्या, "मी पुढे ढकलून देते. गोड करून हवं असेल तर हलवाई बघा."

निरोप मात्र भाड्याने पाहता येत नाही. ज्याला तो सगळ्यात जड जातो, त्यालाच पाहावा लागतो. काकू हे दुसऱ्यांच्या दारात उभं राहून कितीदा तरी सांगत आल्या होत्या. "डोळे उघडा हो, पोरगं खोळंबलंय," असं म्हणून त्यांनी भल्याभल्या आयांना दटावलं होतं.

मग त्यांच्या लेकीला पलीकडच्या गावात काचेच्या कारखान्यात जागा मिळाली. भट्टी दुसऱ्या दिवशी पेटायची होती. आज जो पोचणार नाही, त्याची जागा दुसऱ्याला जाणार होती. काकूंनी हौसेने ट्रंक भरली, कपड्यांच्या घड्या तीनतीनदा मोडून पुन्हा घातल्या. दारात घोडागाडी येऊन उभी राहिली. लेकीने ट्रंक उचलली, एक पाय उंबऱ्याबाहेर टाकला आणि हसून म्हणाली, "येते गं आई."

काकू मटार सोलत होत्या. "हं," म्हणाल्या. मान वर केली नाही.

लेकीचा दुसरा पाय उचलेना. बाहेर घोड्याने टाप आपटायला उचललेला पाय तसाच हवेत राहिला.

"आई, बघ ना इकडे."

"बघते गं. एवढ्या शेंगा होऊ देत."

काकूंचा नवरा गाद्या शिवायचा. तो सुई हातात घेऊनच धावत आला. "अगं, मी पाहिली तिला! चांगली दोनदा पाहिली."

"मग गेली का?"

"नाही." तो खट्टू झाला. "म्हणजे मला काही वाटतच नाही, असा अर्थ निघाला की याचा!"

"बाबा, तुम्हाला वाटतं हो," लेक म्हणाली. "आईला जास्त वाटतं, एवढंच."

गाडीवाला आत डोकावला. "मावशी, घोड्याचा पाय आखडेल. मुकं जनावर आहे ते."

समोरची धोबीण कपड्यांचं बोचकं कमरेला लावून दारात आली. "काकू, माझ्या भावाच्या वेळी मला काय काय बोलला होतात तुम्ही! आठवतंय ना?"

"तुझा भाऊ आळशी होता. तो गेला तर घरात जागा झाली," काकू शेंगांकडे बघत म्हणाल्या.

शेंगा संपल्या. काकूंनी टरफलं पुन्हा उलटून पाहिली, एखादा दाणा राहिला असेल म्हणून. नव्हता. मग त्यांनी चहा टाकला. ही आज जात नाही असं एकदा ठरलं, की चहा पिऊन ट्रंक रिकामी करायची, असा त्यांचा मनातला बेत. कप घेऊन त्या खाली बघतच दाराशी आल्या.

"घे. बस जरा."

"बसता येत नाही, आई. मी निघालेय ना."

"मग आत ये."

"तेही येत नाही."

"निदान ट्रंक तरी खाली ठेव."

"सुटतच नाहीये हातातून!"

कप द्यायचा तर हात बघायला हवा, म्हणून काकूंनी तेवढा हातच पाहिला. ट्रंकेच्या कडीभोवती बोटं पांढरी पडली होती, तळव्याच्या कडेला लाल वळ उठला होता. काकूंनी कप खाली ठेवला. मान आपोआप वर गेली.

लेक रागावली होती, पण चेहऱ्यावर मघाचं निरोपाचं हसूच अडकून बसलं होतं. ती ना गेली होती, ना घरात राहिली होती. काकूंनी चष्मा पुसला. कॉलरची शिलाई वाकडी होती, ती त्यांनीच घातलेली. हनुवटी थेट सासूबाईंची, ज्यांच्याशी त्यांनी जन्मभर भांडण केलं. केस घाईत बांधलेले. आणि पाय. मागचा पाय उंबऱ्याला नुसता टेकला होता, सगळा भार बाहेरच्या पायावर होता. नेमकं हेच काकूंना सकाळपासून बघायचं नव्हतं. त्यांनी तेही पुरतं पाहिलं.

"झालं," त्या म्हणाल्या.

घोड्याचा पाय धाडकन खाली आला. लेक अशी सुटली, की ट्रंकेसकट गाडीवाल्याच्या अंगावर जाऊन आदळली.

"अरे देवा!" गाडीवाला ओरडला. "हळू!"

"आई, बघितलंस!"

"बघितलं. आता पळ. भट्टी काय तुझ्यासाठी थांबणारे?"

"तूच थांबवली असतीस!" गाडीतून हसणं ऐकू आलं. आता ते खरोखरचं, मोकळं होतं. वळणावरसुद्धा ऐकू आलं. धोबीण बोचकं सावरत निघून गेली.

काकू पायरीवर बसल्या. नवरा शेजारी येऊन टेकला आणि त्यांच्या तोंडाकडे बघायला लागला.

"इकडे बघू नका," काकू नाक ओढत म्हणाल्या.

"का?"

"नीट बघितलंत तर संपेल. जरा वेळ चालू दे."

नवऱ्याने मुकाट्याने तोंड फिरवलं. रस्त्यात एक कोंबडी एक पाय वर करून बराच वेळ विचार करत उभी होती. त्याने तिच्याकडे मन लावून पाहिलं. कोंबडी तुरुतुरु पलीकडे गेली.