राहिलेली पोच

शहापूरच्या कोर्टातून आम्ही बाहेर आलो तेव्हा धाकट्या बहिणीच्या हातात आदेश होता. नवऱ्याने तिच्या जवळ यायचं नाही, आमच्या आईच्या घरात पाऊल टाकायचं नाही आणि पोलिसांनी तिला संरक्षण द्यायचं. वकीलबाई म्हणाल्या, "टपालाची वाट बघू नका. मुरबाडच्या ठाण्यात आजच हातोहात नक्कल द्या, पोच घ्या." आईचं गाव मुरबाडच्या हद्दीत आणि मी राहते मुरबाडलाच, म्हणून नक्कल माझ्याकडे आली.

मी डायरीत कामं लिहून काढली. तीन झेरॉक्स, आईच्या दाराला नवी कडी, शेजारच्या काकूंचा नंबर, ठाण्याची पोच. कडी दुसऱ्याच दिवशी सुताराकडून बसवून घेतली. पोच तेवढी राहिली.

वेळ नव्हता असं नाही. बाजाराला जाताना मी दोनदा ठाण्यासमोरून गेले, एकदा तर नक्कल पिशवीत असताना. बावीस वर्षांपूर्वी मीसुद्धा सुजलेला हात फडक्यात बांधून आईकडे आले होते. आईने हात शेकला, जेवू घातलं आणि सकाळी तांदळाचे पापड बांधून देऊन परत एसटीत बसवलं. "नांदाया लागतं गो बाय," एवढंच बोलली. माझा नवरा निवळायला पुढे दहा वर्षं गेली.

आणि हिच्यासाठी कोर्टाच्या साहेबांनी सही केली, शिक्का मारला. कडी बसवली त्या संध्याकाळी ही आईच्या ओटीवर वाल सोलत बसली होती आणि तीच आई हिच्या केसांना तेल लावत होती. मला ते बघवेना. दोन दिवस उशीर झाला तर हिचं काय बिघडतंय, असं मनात आलं. मी ते येऊ दिलं.

चौथ्या दिवशी दुपारी तिचा फोन आला. आवाज दबका. "ताई, ह्यो आलाय. आईनं घरात घेतलाय."

नवी कडी आईनेच काढली होती. जावई दारात उभा राहिला की आमच्यात आधी पाण्याचा तांब्या, बाकीचं मागाहून.

मी स्कूटीवरून ठाणं गाठलं. महिला हवालदारांनी आदेश वाचला, तारीख बघितली, मग माझ्याकडे बघितलं. "चार दिवस कुठे होता हा?" त्यांनी शिपायाला हाक मारली, मला जीपमध्ये घेतलं.

ओटीवर तो चहा पीत बसला होता. बहीण आतल्या खोलीत दार लावून.

"सासरवाडीला आलोय, चोरी नाय केली," तो हसत म्हणाला.

"कोर्टाने मनाई केलीय. उठा."

आई मध्ये पडली. "जावय हाय तो, बाय. च्या तरी पिऊ द्या."

"चहा आमच्याकडेपण मिळतो, आजी. चला हो."

बहीण बाहेर आली. दंडावर त्याच्या बोटांचे वळ उठले होते. त्याला जीपमध्ये बसवून हवालदारबाई परत आल्या, बहिणीला 'ताई, पाणी प्या आधी' म्हणाल्या, दंड हलक्या हाताने उजेडाकडे वळवून वळ लिहून घेतले. खरं सांगते, ते वळ माझ्यामुळे उठले हे कळत असतानाही मला तिचा हेवा वाटला. माझा हात असा कुणी उजेडात धरून बघितला नव्हता.

जीप गेल्यावर तिने विचारलं, "ताई, कागद त्याच दिशी दिलावतास ना?"

"नाय."

"का गो?"

"मला कुणी दिला नव्हता म्हणून."

"तवा मी सात वर्साची होते, ताई."

दुसऱ्या दिवशी ती जबाब द्यायला एसटीने मुरबाडला आली ती माझ्या घरावरून थेट ठाण्यात गेली. अजूनही कोर्टाच्या तारखेला ती एकटी जाते. काय झालं विचारलं तर म्हणते, "झालं काम," आणि फोन आईकडे देते.