मोजणीबाईंची मोजणी

मोजणीबाईंना कुठल्याही घरात बसायला सांगत नसत. तीस वर्षं त्या दिवा, पांढरा पडदा आणि सहा करड्या पट्ट्यांचं पुठ्ठं घेऊन दारोदार गेल्या, उभ्यानं काम केलं आणि उभ्यानंच परतल्या. पाणीसुद्धा घरून नेत. एकदा एका घरी दिलेलं प्यायल्या होत्या आणि दोन दिवस पोट धरून पडल्या होत्या, तेव्हापासून.

त्या शहराची श्रद्धा तशी साधी होती. प्रकाशाला स्वतःचं काही कळत नाही, तो नुसता जात असतो. कोणी वाटेत उभं राहिलं की अडतो, आणि त्या अडण्यालाच जाणीव म्हणायचं. ज्याची सावली गडद तो जागा, ज्याची फिकी तो विझत चाललेला. हे ज्या गुरूंना उमगलं ते एका खिडकीसमोर नऊ वर्षं उभे होते. खिडकीमागच्या कुटुंबाचं मत कुठे नोंदलेलं नाही. सावली खांबाचीही पडते, मग खांब जागा का, असं कुणी विचारलंच तर ग्रंथात उत्तर तयार होतं: खांबाची सावली बाहेरून येते, माणसाची आतून. एवढं तत्त्वज्ञान अंगात मुरल्यावर लोक एकमेकांच्या वाटेत उभे राहण्यात तरबेज झाले, यात नवल नाही.

साठी उलटली की सावली मोजून घ्यावी लागे. ती पुठ्ठ्यावरच्या पाचव्या पट्टीइतकी फिकी निघाली की तो माणूस विझलेला. त्याला जेवायला मिळे. पण त्याची सही चालत नसे, साक्ष चालत नसे, आणि तो काही बोललाच तर उत्तर द्यायची कुणावर सक्ती नसे.

मोजणीबाईंचे वडील कोळशाच्या वखारीत होते. कोळशाच्या भुकटीत मिसळलेली दगडाची भुकटी ओळखायला त्या लहानपणीच शिकल्या, आणि त्या डोळ्यावर त्यांना ही नोकरी मिळाली. पुढे माणसाच्या आधी त्याच्या पायाशी बघायची खोड लागली. नवरा त्यांनी सावली बघून पसंत केला. चेहरा नंतर बघितला आणि तक्रार केली नाही.

नवरा वारला, दीरही वारला. घरात उरल्या त्या आणि धाकटी जाऊ. स्वयंपाकघर एक, चुली दोन. अकरा वर्षं दोघींमधून विस्तव जात नव्हता. धाकटीला काही सुनवायचं असलं की ती भांड्यांशी बोले. "ऐकलंस का रे तव्या, महाराणी उठल्या." हे सगळं रस्त्याकडच्या खोलीच्या वाटणीवरून चाललंय, असं थोरली धरून चालली होती. तसं धरून चालणं सोयीचं होतं.

मग मोजणीबाईंचीच साठी उलटली.

भर दुपारी त्यांच्याच हाताखाली शिकलेला नवा मोजणीदार आला. पूर्वी तो धान्याची मापं तपासत असे आणि माणसांकडेही त्याच नजरेनं बघे. घरचं एक माणूस साक्षीला लागतं, म्हणून धाकटी काखेत कसलीशी गुंडाळी घेऊन दाराशी बसली. मधल्या खोलीला तिनं चार दिवस कुलूप घातलं होतं. ते आता उघडलं, आणि मोजणीबाईंना आधी वास आला, मग भिंत दिसली. इतकी वर्षं धुरकटलेली डावी भिंत चुन्यानं पांढरीफटक झाली होती.

खिडक्या लावल्या, दिवा लागला, पडद्यावर सावली पडली. मोजणीबाईंना पुठ्ठ्याची गरजच नव्हती.

पांढऱ्या भिंतीचा उजेड सावलीत उतरतो आणि ती पातळ करतो, हे त्यांना नोकरीच्या तिसऱ्या वर्षीच कळलं होतं. तेव्हा साहेबांना सांगितलं, तर त्यांनी विचारलं होतं की बाई, तुम्हाला माणूस मोजायला पाठवलंय की भिंत? बाईंनी तोंड मिटलं. पुढे लोकांच्याही ध्यानात आलं. म्हातारं माणूस नकोसं झालं की खोलीला चुना लागे; कोण विझणार हे मोजणीबाईंच्या आधी चुनेवाल्याला ठाऊक असे. त्या दारातूनच भिंत बघत, पाचवी पट्टी लिहीत आणि जिना उतरत.

आता स्वतःसाठी बोलायचं, तर हे सगळंच बोलावं लागणार होतं. आणि आज गप्प राहिल्या, तर पुन्हा बोलून उपयोग नव्हता.

"पाचवी," मोजणीदार म्हणाला आणि त्यानं लेखणी शाईत बुडवली.

"थांबा. ती भिंतीमुळे आहे."

"सावली आतून येते, बाई. तुम्हीच शिकवलंत मला."

"खोटं शिकवलं."

"कोणाकोणाच्या वेळी?" हे धाकटीनं विचारलं. अकरा वर्षांत पहिल्यांदाच, मध्ये तवा न घेता.

मोजणीबाई उभ्या उभ्या सांगू लागल्या. पुलाजवळचा शिंपी. घड्याळवाल्याची सासू. दोन सख्ख्या बहिणी, एकाच दुपारी. मोजणीदार उतरवून घेत होता. बावीस माणसं झाली आणि बाई थांबल्या.

"एक राहिलं," धाकटी म्हणाली.

"तुझी आई. तुझ्या भावानं तिन्ही भिंतींना चुना दिला होता. मी पाहिलं होतं."

"मीपण पाहिलं होतं. तिथंच होते मी. म्हटलं, घरचं माणूस आहे, बोलेल."

धाकटी उठली. काखेतली गुंडाळी उलगडली. काळं कांबळं होतं. पांढऱ्या भिंतीत दोन खिळेही ठोकून तयार होते. त्यांवर तिनं ते अडकवलं, आणि पडद्यावरची सावली कोळशासारखी काळी झाली. मोजणीदारानं पुठ्ठं लावून पाहिलं, पाचवी खोडली, दुसरी लिहिली.

"आता या यादीखाली सही करा," धाकटी म्हणाली. "विझलेल्या बाईची साक्ष चालत नाही, म्हणून तुम्ही जाग्या हव्या होतात. गप्प बसला असतात, तर कांबळं उलगडलं नसतं मी. उद्या माझ्या आईची फेरमोजणी. अकरा वर्षं तिला कुणी उत्तर दिलेलं नाही. ती विचारेल, आणि पहिलं उत्तर तुम्ही द्यायचंत."

मोजणीबाईंनी सही केली. त्या सहीबरोबर नोकरी गेली, हे त्यांनाही कळलं आणि मोजणीदारालाही. तो दिवा, पडदा आणि पुठ्ठं उचलून निघून गेला.

संध्याकाळी दोन्ही चुली पेटल्या.

"तव्या," धाकटी म्हणाली, "महाराणींना सांग, भिंतीवरचा चुना त्यांनीच खरवडायचाय."