आधी खोली, मग आई

घरांची दलाली करणाऱ्या ऑफिसासाठी ती रिकाम्या फ्लॅटचे व्हिडिओ काढायची. खुराड्याएवढी खोली ऐसपैस दाखवण्यात तिचा हात धरणारं कोणी नव्हतं.

तिचा धाकटा भाऊ लिफ्ट दुरुस्त करायचा. एरवी बडबड्या, पण शेवटच्या वर्षी घुमा झाला. एके दिवशी त्याने स्वतःचं आयुष्य संपवलं. आईने सगळ्यांना सांगितलं, “हार्ट अटॅक.” पस्तीस वर्षं नर्स असलेल्या बाईवर शंका कोण घेणार? लेकीनेही तीच री ओढली.

सात महिने त्याची खोली बंद होती. एका रविवारी तिने कॅमेरा डोळ्याला लावला आणि दार ढकललं. नुसत्या डोळ्यांनी आत जायची तिची छातीच होत नव्हती. पान्यांची पेटी, खुर्चीवरचा शर्ट, भिंतीवर पेन्सिलीने लिहिलेले फोन नंबर. ती एकेक टिपत राहिली.

“काय थेर चालवलेत हे?” दारातून आई कडाडली.

“तू त्याच्याबद्दल बोलू देत नाहीस. मग मी काय करू?”

आई तरातरा निघून गेली. दोन दिवस अबोला. तिसऱ्या दिवशी दुपारी स्वतःच येऊन त्याच्या पलंगावर बसली.

“चालू कर ते.”

तिने कॅमेरा सुरू केला. आईने चष्मा काढला.

“तो म्हणाला होता, ‘आई, मला काहीच नको वाटतं.’ मी म्हटलं, ‘उगाच बाऊ करू नकोस.’ जन्मभर लोकांच्या नाड्या धरल्या गं मी. पोटच्या पोराची कळली नाही. दिव्याखाली अंधार, दुसरं काय!”

कॅमेऱ्यामागून लेक म्हणाली, “मला त्याचा फोन आला होता. मी कामात होते. ‘नंतर करते’ म्हटलं आणि विसरले.”

मग दोघी कितीतरी वेळ रडल्या. कॅमेरा चालूच राहिला.

वर्षभरात बावीस मिनिटांची फिल्म झाली. एडिट करताना सवयीने ती खोली उजळ करायला गेली, पण मग होती तशीच राहू दिली. फिल्म पहिल्यांदा दाखवली ती भावाच्या कंपनीत, डबे खायच्या खोलीत; आईही सोबत होती. संपल्यावर ‘पहिलवान’ म्हणून ओळखला जाणारा एक दांडगा मेकॅनिक उठला.

“ताई, मला वाटायचं हे माझ्या एकट्याचंच आहे. रोज कामावर यायच्या आधी मी जिन्यात बसून रडतो.”

आईने विचारलं, “डॉक्टरला दाखवलंस?”

“लोक काय म्हणतील, मावशी?”

“लोकांसाठी मी अटॅक सांगितला रे. काय पदरात पडलं? उद्या दहाला तयार राहा.”

पहिलवानाची औषधं सुरू झाली. कधी बरं वाटतं, कधी नाही. लेकही समुपदेशक बाईंकडे जाऊ लागली. घरातली गोष्ट चव्हाट्यावर मांडली म्हणून दोन आत्यांनी बोलणं टाकलंय. आईला त्याची फिकीर नाही. दर महिन्याला ती पहिलवानाबरोबर दवाखान्यात जाते आणि नंबर लवकर लागावा म्हणून कंपाउंडरशी भांडते.