ब्रिंबल बोलत नाही

बत्तीस वर्षांपूर्वी एका सिनेमासाठी मर्ल ट्रँटर तीन आठवडे ह्यूऑन नदीच्या गारढोण पाण्यात फळीवर उताणी पडून राहिली होती. हात तेवढा वर, आणि त्या हातावर ब्रिंबल नावाचा बाहुला. नदीच्या तळाशी राहणारा तो केसाळ जीव तिनंच घडवला होता. अंगाला शेजारच्या नोएलाच्या मेंढ्यांची लोकर आणि पापण्यांना नवऱ्याच्या, क्लॅरीच्या, जुन्या हातमोज्याचं कातडं. अख्ख्या सिनेमात ब्रिंबल एक अक्षर बोलला नाही. तरी त्यानं गोष्टीतल्या हरवलेल्या मुलीच्या मांडीवर डोकं टेकलं, तेव्हा टास्मानियातली एक पिढीच्या पिढी रडली. काम संपल्यावर सिनेमा कंपनीनं बाहुला कचऱ्यात टाकला. मर्लनं तो उचलून घरी आणला.

आता सिनेमाचा दुसरा भाग आला होता. त्यातला ब्रिंबल संगणकावर केलेला. पहिला खेळ मर्लच्याच गावातल्या हॉलमध्ये ठरला आणि कंपनीची झारा नावाची तरुण बाई तिला भेटायला आली.

"मर्ल, खेळ संपल्यावर तुम्ही दोन शब्द बोलाल ना? काहीतरी गोड."

"गोड असलं तर गोड बोलेन."

"हिला साखर वर्ज्य आहे हो," क्लॅरी आतून ओरडला.

हॉल खचाखच भरला. पडद्यावर ब्रिंबल आला तो तोंडाचा पट्टा सोडूनच. काळा चष्मा लावून नाचला, विनोद सांगितले, स्वतःच हसला. मग अर्धा तास नुसते स्फोट. पुढच्या रांगेतली पोरं एकेक करून खुर्च्यांखाली शिरली.

"अगं, हा आपला ब्रिंबल की दारावर आलेला विक्रेता?" नोएला कुजबुजली.

टाळ्या पडल्या, पण पाहुण्यांना वाईट वाटू नये म्हणून वाजवतात तशा. झारानं माईक मर्लच्या हातात दिला.

"मेहनत दिसते," मर्ल म्हणाली. "पण सिनेमा वाईट आहे. ब्रिंबल गप्प होता म्हणून पोरं त्याच्या मनातलं स्वतः ओळखायची. तुम्ही त्यांना ओळखायला काही ठेवलंच नाहीत."

दिग्दर्शक केल्विन प्राउस कसंनुसं हसला. "आजच्या मुलांना गप्प पात्र चालत नाही, मर्ल. त्यांचं लक्ष टिकत नाही."

"मग ती खुर्च्यांखाली काय करतायत?"

हॉलमध्ये हशा पिकला. केल्विनचे कान लाल झाले.

सगळेच काही खूश नव्हते. बेकरीवाल्या बॅरीनं ब्रिंबलच्या आकाराचे केक करून ठेवले होते. त्यानं मर्लला हॉलच्या दारातच गाठलं. "इतक्या वर्षांनी गावात चार माणसं आली, आणि तू त्यांच्या तोंडावर असं बोललीस?"

"आल्यागेल्याला चहा द्यावा, बॅरी. खोटं कशाला द्यायचं?"

आठवड्याभरात कंपनीचं पत्र आलं. ब्रिंबल कंपनीच्या मालकीचा, त्याचा जाहीर खेळ करायला सक्त मनाई. मर्लला खेळ करायचं तोवर सुचलंही नव्हतं. तिनं पत्र दोनदा वाचलं आणि घरामागच्या शेडच्या दारावर खिळ्यानं ठोकलं.

"वकील बघायचा का?" क्लॅरीनं विचारलं.

"आधी सफरचंदांची खोकी हलव. पोरांना बसायला जागा लागेल."

शनिवारी दुपारी दोन वाजता शेडमध्ये चाळीस पोरं जमली. काळ्या कापडाआडून ब्रिंबलनं डोकं काढलं आणि नुसतं बघितलं. शेड चिडीचूप. पुढच्या एका चिमुरडीनं हातातला पाव त्याच्यापुढे धरला. ब्रिंबलनं वास घेतला, मान वळवली, पुन्हा हळूच पावाकडे पाहिलं.

"लाजतोय तो," ती शेजारणीला म्हणाली. "सगळ्यांनी तिकडे बघा."

चाळीसच्या चाळीस पोरांनी माना फिरवल्या. मागे हाताची घडी घालून उभ्या असलेल्या बॅरीनंही.

मग दर शनिवारी खेळ होऊ लागला. कंपनीचं दुसरं पत्र आलं, पहिल्याहून कडक. बाहुला तात्काळ परत करा. मर्लनं स्वयंपाकघराच्या टेबलावर बसून स्वतःच्या हातानं उत्तर लिहिलं. 'बाहुला इथेच आहे. न्यायला माणूस पाठवा. मात्र शनिवारी दोनला पाठवा. न्यायचा तर पोरांच्या देखत न्या.'

अजून तरी कुणी आलेलं नाही.