बाबांचं १७६९

बाबा नाशिकच्या एका हायस्कुलात तीस वर्षं विज्ञान शिकवत होते. निवृत्त झाल्यावर त्यांनी मुलांसाठी एक पुस्तक लिहायला घेतलं, तेही एकाच सालावर: १७६९. त्या सालात काय काय घडलं, ते मला दुबईला फोन करून सांगत. एका स्कॉटिश माणसाने वाफेच्या इंजिनात सुधारणा करून पेटंट घेतलं. फ्रान्समध्ये वाफेवर चालणारी तीनचाकी गाडी तयार झाली. इंग्रजांचं जहाज ताहितीला गेलं, तिथून न्यूझीलंडला. मी फोन स्पीकरवर टाकून भाजी चिरत "हं, हं" करायचे.

त्यांचा खरा जीव एका फ्रेंच खगोलशास्त्रज्ञावर होता. शुक्र सूर्यासमोरून जाताना, म्हणजे शुक्राचं अधिक्रमण, बघायला तो पुदुच्चेरीला निघाला होता. पहिल्या खेपेला युद्धामुळे उतरता आलं नाही, आणि हलत्या जहाजावरून मोजमाप होईना. पुढच्या अधिक्रमणासाठी तो आठ वर्षं इकडच्याच समुद्रांत थांबला. जून १७६९ मध्ये पुदुच्चेरीत दुर्बीण लावून बसला. कितीतरी दिवस सकाळी आकाश निरभ्र असायचं, नेमके त्या दिवशी ढग आले. घरी परतला तर नातेवाइकांनी त्याला मेलेला समजून इस्टेट वाटायला काढलेली.

हे सांगताना बाबांचा आवाज दरवेळी खाली यायचा. त्यांचंही एक अधिक्रमण हुकलं होतं. २००४ साली ते झालं तेव्हा आई आयसीयूत होती आणि बाबा बाहेरच्या बाकावर बसून होते. आई त्याच आठवड्यात गेली. पुढचं २०१२ मध्ये होतं, आणि त्यानंतर थेट २११७.

२०१२ च्या मार्चमध्ये त्यांनी सहज विचारल्यासारखं विचारलं, "जूनच्या पहिल्या आठवड्यात तुझ्याकडे आलो तर चालेल का गं?"

"जूनमध्ये? बाबा, इथे बेचाळीस-त्रेचाळीस डिग्री असतं. घराबाहेर पाऊल टाकता येणार नाही तुम्हाला. डिसेंबरमध्ये या, मस्त हवा असते."

"बरं," ते म्हणाले. शुक्राचं नाव त्यांनी काढलं नाही. आणि जून म्हटल्यावर माझ्या लक्षात यायला हवं होतं, ते आलं नाही. त्या दिवसांत ऑफिसात ऑडिट होतं, मुलीची परीक्षा होती.

सहा जूनला सकाळी सव्वासातला मी अल क्वोजमधल्या आमच्या कंपनीच्या गोदामापाशी बसमधून उतरत होते, तेवढ्यात त्यांचा फोन आला.

"तुझ्याकडे आकाश कसं आहे?"

"लख्ख. का?"

"इकडे सगळं भरून आलंय. पहाटेपासून गच्चीत उभा आहे."

मार्चमध्ये त्यांनी जूनचं का विचारलं होतं, ते तेव्हा मला कळलं. ते म्हणाले, "नुसत्या डोळ्यांनी बघू नकोस. वेल्डिंगची काच मिळते का बघ."

शेजारच्या वर्कशॉपमध्ये रायगडचे एक वयस्क वेल्डर होते, आम्ही सगळे त्यांना चाचा म्हणायचो. त्यांनी सगळ्यात काळी काच शोधून दिली. "ताई, हिच्यातूनच बघा हां. आणि जास्त वेळ नको."

काचेतून हिरव्या दिसणाऱ्या सूर्यावर तिळाएवढा काळा ठिपका होता.

"दिसला," मी म्हणाले.

"कुठे? वर की खाली? कडेपासून किती लांब?"

मी सांगत गेले, ते लिहून घेत गेले. मधेमधे मी चाचांनाही काच देत होते. साडेआठच्या सुमारास ठिपका सूर्याच्या कडेला टेकला. त्यांनी मला घड्याळ बघून मिनिट सांगायला लावलं. मग हळूहळू तो दिसेनासा झाला.

"संपलं, बाबा."

पलीकडून वही मिटल्याचा आवाज आला.

"बाबा, तुम्ही सांगितलं का नाही मला? मी बोलावलं असतं."

"अगं, तुझी गडबड असते. आणि तू पाहिलंस ना? झालं तर."

बाबांचं डिसेंबरचं तिकीट मी त्याच दिवशी काढलं. नोव्हेंबरमध्ये, दुपारचे झोपलेले असतानाच बाबा गेले. मी पोचेपर्यंत शेजाऱ्यांनी सगळी तयारी करून ठेवली होती.

पुस्तक अर्धंच राहिलं. ते लिहीत होते ती वही मी दुबईला, करामातल्या आमच्या घरी घेऊन आले. मुलीला मराठी वाचता येत नाही, म्हणून संध्याकाळी तिच्या शेजारी बसून मीच रोज दोन पानं वाचून दाखवायचे. शुक्राचं प्रकरण आलं त्या दिवशी, आजोबांनाही २०१२ चं अधिक्रमण ढगांमुळे पाहता आलं नाही, हेही सांगितलं. ती माझ्याकडे वळली.

"बट मम्मा, इथे तर क्लाउड्स नसतात. व्हाय डिडन्ट ही कम हिअर?"

ऑडिटचं, उन्हाचं काहीतरी सांगता आलं असतं. नऊ वर्षांच्या मुलीला ते पटलंही असतं.

"येऊ का म्हणून विचारलं होतं त्यांनी," मी म्हणाले. "मी नको म्हटलं."