गच्चीवरचा हॉल उडाला तेव्हा

आमच्या घरात नारळ फुटतो तो चटणीसाठी. दारावर लिंबू-मिरची बांधायला कुणी आलं तर मी आधी मिरचीचा भाव विचारते. तेव्हा खाली कमेंटमध्ये "बाईंना भास झाला असेल" असं लिहायचं तर खुशाल लिहा... पण आधी पूर्ण वाचा.

नाशिकला कॉलेज रोडच्या एका गल्लीत मेडिकल प्रवेशाचा क्लास आहे, त्याच्या ऑफिसात मी होते. नाव देत नाही. रिपीटर मुलांची, म्हणजे परीक्षा दुसऱ्यांदा देणाऱ्यांची बॅच गच्चीवरच्या हॉलमध्ये बसायची. लोखंडी सांगाडा, वर पत्रा, दोन्ही बाजूंना सरकत्या काचा. चपला दाराबाहेर, मोबाइल खाली ऑफिसात जमा. आणि सरांचा एक नियम – उत्तर चुकलं की बाहेर. पुस्तक उघडून गच्चीवर उभं राहायचं, सरांनी "बस" म्हणेपर्यंत. ऊन असो, पाऊस असो. पालकांना हे माहीत होतं. काही जण तर त्यासाठीच मुलांना इथे घालायचे.

माझ्या बहिणीची मुलगी सायली याच बॅचला होती. निफाडहून येऊन माझ्याकडे राहायची. बहिणीने तिला माझ्यासमोर बजावलं होतं, "या वेळी नाही झालं तर स्थळं बघायला घेणार." त्यामुळे पोरगी जेवतानाही पुस्तक मिटायची नाही.

श्रावणातला शनिवार, भर दुपार, पाऊस उघडलेला. शनिवारी मुलांवर लक्ष ठेवायला मी मागच्या बाकावर बसायची, तशी बसले होते. सर हृदय शिकवत होते. एकदम पंख्यांचा आवाज थांबला. पंखे फिरत होते, आवाज तेवढा नव्हता. मी काचेतून पाहिलं तर गच्चीवरची काळी पाण्याची टाकी खाली खाली जात होती.

टाकी कुठे जाणार? आम्ही वर चाललो होतो.

मग गल्ली दिसली, मग सगळा कॉलेज रोड, मग गंगापूर धरणाचं पाणी आणि पलीकडे द्राक्षांच्या बागा. हिसका नाही, हेलकावा नाही. हॉल सावकाश उत्तरेला सरकत होता. एक मुलगी किंचाळली. सगळे काचांकडे धावले.

सरांनीही बाहेर पाहिलं. नीट पाहिलं – मी बघत होते त्यांच्याकडे. मग म्हणाले, "काय बघताय? पेपरात खिडकी येणार आहे?"

पोरं हसली. खरंच हसली, आणि जागेवर जाऊन बसली.

"सायली, हृदयाच्या डाव्या दोन कप्प्यांमधली झडप?"

"ट्रायकस्पिड, सर."

"ती उजवीकडे. बाहेर."

सायलीने पुस्तक उचललं. मी उठून म्हटलं, "सर, अहो बाहेर गच्ची नाहीये!"

"मॅडम, शिकवणं माझं काम आहे. तुम्ही हजेरी बघा."

"जा ना गं," पुढच्या बाकावरचा एक हुशार मुलगा म्हणाला, "आमचा टाइम जातोय."

तिने दार उघडलं. वाऱ्याने फळ्याजवळचे कागद उडाले. खाली डोंगर, भाताची खाचरं. मी धावत जाऊन तिचं मनगट धरलं. चांगलं घट्ट धरलं. ती माझ्या कानाशी म्हणाली, "मावशी, सोड. सगळे बघतायत."

आणि हात हिसकावून गेली.

पडली नाही. दाराबाहेर, जिथे काहीच नव्हतं तिथे, रोजच्यासारखी वर्गाकडे पाठ करून उभी राहिली. पुस्तक उघडलं. वर्गात कुणीतरी टाळ्या वाजवल्या. सर म्हणाले, "बघा. उगाच घाबरवतात लोक. दार लावा." दार त्या हुशार मुलाने लावलं. हॉल पुढे सरकत राहिला, ती तिथेच राहिली. काचेतून ती अंगठ्याएवढी दिसेपर्यंत मी बघत होते. तिने एकदाही मान वर केली नाही. वाचत होती.

तास संपेपर्यंत हॉल परत गच्चीवर टेकला होता. मुलांनी चपला घातल्या, डबे कुठे खायचे यावर वाद घालत खाली गेली. सायलीच्या चपला तेवढ्या उरल्या.

ऑफिसचा फोन वाजत होता. सुरगाण्याकडचा एक जीपवाला होता. पोरीच्या गळ्यातल्या आयकार्डावर आमचा नंबर होता. "बाई, ही पोर तुमची का? बाया भात लावतात तिथं उभी हाय. बोलती, पण जागची हालत नाय."

गाडी करून गेले. पोचले तेव्हा अजून उजेड होता. खाचरात सायली उभी. चार बाया आणि जीपवाला भोवती. "दोघांनी वढली," जीपवाला म्हणाला, "झाडावानी हाय." मी चिखलात उतरले. माझे पाय पोटरीपर्यंत रुतले. तिचे पाय कोरडे होते – चिखलाच्या वीतभर वर.

"सायली, चल घरी."

"सरांनी बस म्हटलं नाही अजून."

मी खेचलं, रागावले, एक ठेवूनही दिली. काही नाही. शेवटी सरांना फोन लावला, स्पीकरवर टाकला आणि सगळं सांगितलं. म्हटलं, "सर, हात जोडते, फक्त बस म्हणा."

पलीकडे चहाचा घोट घेतल्याचा आवाज आला.

"असं कसं? आधी उत्तर विचारा तिला."

बाया एकमेकींकडे बघायला लागल्या. सायलीच म्हणाली, मोठ्याने, फोनकडे तोंड करून, "मायट्रल, सर. डावीकडे मायट्रल."

"हं. बस."

ती धपकन चिखलात बसली. कमरेपर्यंत भिजली. एक म्हातारी बाई तिला उठवायला वाकली, तर सायली तिला म्हणाली, "थांबा आजी, बसू द्या जरा."

मी नोकरी सोडली. बॅचमधल्या प्रत्येकाला विचारलं. सगळ्यांचं एकच – "काकू, आम्ही फळ्याकडे बघत होतो." गच्चीवर जाऊन हॉलचे नटबोल्ट पाहिले, सगळे गंजून घट्ट बसलेले. हॉल तिकडे गेला कसा, ती हवेत उभी कशी राहिली, खाचरापर्यंत खाली कशी आली – कुणाला सांगता येत असेल तर सांगा. मला येत नाही.

सोमवारी सायलीने क्लासला जायला डबा भरला. मी दारात आडवी उभी राहिले, बहिणीला फोन लावून दिला. बहीण तिला म्हणाली, "एका चुकीसाठी घरी बसणार आहेस का?"

सायली माझ्या बाजूने वाट काढून गेली.