फाडलेल्या दुधाचे वडे

मी लेखक नाही. आमच्या घरात मॅट्रिकच्या पुढे गेलेला मी पहिलाच, आणि पदवी अजून हाती आलेली नाही. तेव्हा घरची गोष्ट चारचौघांपुढे मांडण्याचा मला काय अधिकार, असं वाटून हा कागद मी दोनदा बाजूला सारला होता. चुकलंमाकलं वाचणाऱ्यांनी पोटात घालावं.

वडील सोलापुरात गिरणीत साच्यावर, म्हणजे मागावर, कामाला होते. गावाच्या कडेला आमचं दोन खोल्यांचं घर, मागे एक म्हैस. उन्हाळ्याच्या सुटीत मी पुण्याहून घरी आलो तेव्हा माझी थोरली बहीण, आक्का, बाळंतपणासाठी आलेली होती. सातवा महिना होता. याआधीची तिची दोन्ही मुलं गेली होती, एक पोटातच आणि एक बाराव्या दिवशी. तिचं सासर करकंबचं. निघताना सासूने तिला सगळ्यांसमोर सांगितलं होतं, "औंदा मांडीवर पोर घेऊनच ये. न्हाईतर आमी दुसरी बघू." हे आक्कानेच मला सांगितलं. सांगताना ती ज्वारी निवडत होती आणि तिने मान वर केली नाही.

तिच्या पोटात काही ठरत नव्हतं. भाकरीचा वास आला तरी ती उठून परसात जायची. हाताच्या काकणांनी कोपर गाठलं होतं. दूधही जाईना, त्याला साय आली की तिला मळमळायचं.

वसतिगृहातला माझा सोबती इंदूरकडचा होता. त्याने मला एकदा स्टोव्हवर दूध फाडून त्याचे वडे करून दाखवले होते. आमच्याकडेही दूध आपोआप फाटलं तर त्याचा चोथा गूळ घालून खातात. पण चांगलं दूध आपल्या हाताने नासवायचं नाही आणि घरात पोटुशी बाई असेल तर मुळीच नाही, तिच्या पोटातल्या पोराला ते लागतं, असं समजतात. मला हे माहीत होतं. मी ते मानत नव्हतो, एवढंच.

आई मंगळवारच्या बाजाराला गेली होती. मी चुलीवर दूध ठेवलं, उकळी आल्यावर लिंबू पिळलं. हिरवट पाणी वेगळं झालं. चोथा धोतराच्या धुतलेल्या फडक्यात बांधून वर पाटा ठेवला.

"आई मारंल बरं का," आक्का उंबऱ्यात बसून म्हणाली. पण ती तिथून हलली नाही.

निम्म्या चोथ्यात मी गूळ आणि सुंठ घातली, निम्म्यात लसूण, हिरवी मिरची, जिरं, मीठ आणि मूठभर डाळीचं पीठ. पहिला वडा करडईच्या तेलात पडताच विरघळला. पाणी पुरतं निघालं नव्हतं.

"कालेजात ह्येच शिकिवत्यात व्हय रं?"

"थांब की जरा."

"थांबते. न्हाईतर तेलच पिते की."

मी पाट्यावर आणखी वरवंटा ठेवला. दुसरा घाणा नीट उतरला. आक्काने चार तिखट वडे खाल्ले, दोन गोड, आणि बोटं चाटली. किती दिवसांनी तिच्या पोटात काही राहिलं होतं. ती भिंतीला टेकून हसत होती.

तेवढ्यात शेजारच्या मावशी विरजण मागायला आल्या. त्यांचं माहेर करकंबचं. फडक्यातला चोथा त्यांनी पाहिला.

"अगं बया! दुधाला काय झालं?"

"फाटलं आपसूक, मावशी," आक्का चटकन म्हणाली. "ह्या उन्हाळ्यात ऱ्हातंय कुटं?"

तेव्हा मी गप्प बसायला हवं होतं. पण खोटं बोलायचं नाही, आणि लोकांच्या खुळ्या समजुतींपुढे मान तुकवायची नाही, असं त्या वर्षी माझ्या मनाने पक्कं घेतलं होतं.

"आपसूक नाही मावशी. मी लिंबू पिळलं. त्याने काही होत नसतं. बघा, आक्काने सहा खाल्ले."

मावशींनी माझ्याकडे पाहिलं, मग आक्काच्या पोटाकडे. "शिकलेल्यांचं काय बाबा," म्हणाल्या आणि विरजण न घेताच गेल्या.

आई आल्यावर मीच सगळं सांगितलं. ती मला वाटलं तशी ओरडली नाही. टोपली खाली ठेवून तिने विचारलं, "खाल्लं का तिनं?"

"खाल्लं."

"मग झालं की. पर त्या बाईला कशाला सांगितलंस? तुला पुण्याला जायचं हाय. हिला तितं नांदायचं हाय."

आक्का वळून भांडी घासू लागली. पुढे सुटीभर ती माझ्याशी नेहमीसारखीच बोलली, पण ‘पुन्हा दूध फाड’ असं कधी म्हणाली नाही, आणि मीही विचारलं नाही.

पुण्याला आल्यावर मी घरी दोन जोडकार्डं पाठवली. वडिलांना लिहिता येत नाही. उत्तराच्या अर्ध्या कार्डावर कुणाकडून तरी दोन ओळी लिहवून घ्यायच्या, एवढंच त्यांचं काम. एकही परत आलं नाही. दिवस मोजले तर आक्का केव्हाच बाळंत झालेली असायला हवी होती. चांगलं असतं तर कळवलं असतं, हे मला समजत होतं, तरी मी रोज टपालवाल्याच्या वेळेला फाटकाशी जाऊन उभा राहायचो.

दीड महिन्याने पत्र आलं, शाळामास्तरांच्या अक्षरात. आशीर्वादानंतर लिहिलं होतं: मुलगा झाला, पण मेलेला. आक्काची प्रकृती बरी आहे. करकंबहून बघायला कोणी आलं नाही. वडील दोन माणसं घेऊन बोलणी करायला गेले, तेव्हा तिथल्या मंडळींनी सांगितलं की, माहेरी भरल्या पोटी नासवलेलं दूध खायला घातलं, भावाने ते स्वतःच्या तोंडाने कबूल केलं, आता आमच्याकडे दोष नाही. गेल्या सोमवारी जावयांनी दुसरं लग्न केलं. आक्का इथेच राहील.